ब्राउनी मेरी: एड्सच्या रुग्णांची आजी आणि गांजाचा कायदा

पंचगंगा_घाट (धागाकर्ता)

गांजाच्या कायद्याचा विषय निघाला की आपल्याकडे डोळ्यांसमोर येतो तो चिलीम ओढणारा बैरागी, नाहीतर गोकर्णला उतरलेला गोरा हिप्पी. अमेरिकेत हा कायदा पहिल्यांदा वाकवणाऱ्यांत मात्र पांढऱ्या कुरळ्या केसांची, कृत्रिम गुडघ्यांवर चालणारी एक म्हातारी वेट्रेस होती. तिच्यावर मराठीत फारसं लिहिलेलं दिसत नाही, म्हणून हा धागा.

नाव मेरी जेन रॅथबन. जन्म २२ डिसेंबर १९२२, शिकागो. वाढली मिनियापोलिसला, कॅथलिक शाळेत. किशोरवयातच घर सोडलं आणि पुढची बरीच वर्षं हॉटेलांत ताटं उचलली. खाणकामगारांच्या युनियनसाठी आणि बायकांच्या गर्भपाताच्या हक्कासाठी ती गांजाच्या कितीतरी आधी रस्त्यावर उतरली होती, त्यामुळे चळवळ तिला नवीन नव्हती. पेगी ही एकुलती एक मुलगी १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला मोटार अपघातात गेली. त्यानंतर मेरी सॅन फ्रान्सिस्कोला आली आणि पॅनकेकच्या एका हॉटेलात नोकरीला लागली. १९७४ मध्ये डेनिस पेरॉन भेटला. तो गांजा विकायचा, समलिंगींच्या हक्कांसाठी लढायचा आणि राजकारणात मुरलेला होता. दोघांची जोडी शेवटपर्यंत टिकली.

सुरुवातीला मेरी गांजा घातलेल्या ब्राउनी (चॉकलेट केकच्या वड्या) करून विकायची. १४ जानेवारी १९८१ ला पोलिसांनी घरावर छापा टाकला. घरात ८ किलोच्या वर गांजा आणि ५४ डझन ब्राउनी सापडल्या. 'ब्राउनी मेरी' हे नाव वर्तमानपत्रांनी तेव्हा पाडलं. तिने गुन्हा कबूल केला. शिक्षा झाली तीन वर्षांची प्रोबेशन (तुरुंगाऐवजी देखरेखीखाली मोकळं राहणं) आणि ५०० तास समाजसेवा.

कलाटणी मिळाली ती या समाजसेवेने. कोर्टाने लावलेले ५०० तास तिने दोनेक महिन्यांत संपवले आणि काम मात्र सोडलं नाही. त्याच काळात शहरात एड्सची साथ उसळली. कॅस्ट्रो या समलिंगींच्या वस्तीतली पंचविशी-तिशीतली पोरं महिन्या-दोन महिन्यांत हाडांचा सापळा होऊन जात होती आणि अनेकांच्या घरच्यांनी पाठ फिरवली होती. मेरी त्यांना 'माझी मुलं' म्हणायची. सॅन फ्रान्सिस्को जनरल हॉस्पिटलच्या वॉर्ड ८६ मध्ये, म्हणजे एड्सच्या बाह्यरुग्ण विभागात, ती स्वयंसेवक झाली. रुग्णाला चाकाच्या खुर्चीवरून एक्स-रेला न्यायचं, रक्ताचे नमुने लॅबमध्ये पोचवायचे, रांगेत बसलेल्याशी बोलत बसायचं. १९८६ साली त्या वॉर्डाने तिला वर्षातली सर्वोत्तम स्वयंसेवक ठरवलं. ब्राउनी चालूच होत्या, पण आता फुकट. गांजा पिकवणारे माल दान द्यायचे, पीठ-साखर-लोणी तिच्या पेन्शनमधून यायचं. मागणी इतकी वाढली की नावांच्या चिठ्ठ्या बिस्किटांच्या बरणीत टाकून काढाव्या लागत.

डिसेंबर १९८२ मध्ये कॅन्सरच्या एका रुग्णाला ब्राउनी पोचवायला निघालेली असताना ती पुन्हा पकडली गेली. तिसरी अटक १९ जुलै १९९२ ची, सोनोमा काउंटीत कॅझाडेरो इथे, किलोभराच्या वर गांजासह, ब्राउनी करत असताना. त्या वेळी ती ६९ वर्षांची होती. बातमी जगभर गेली आणि सरकारी वकिलाचीच पंचाईत झाली. महिनाभरात, २५ ऑगस्ट १९९२ ला, शहराच्या बोर्ड ऑफ सुपरवायझर्सने (म्हणजे नगरसभेने) 'ब्राउनी मेरी दिवस' जाहीर केला. खटला पुढे टिकला नाही.

१० एप्रिल १९९९ ला ती गेली, वय ७६. तोवर कॅलिफोर्नियात रुग्णांसाठी गांजा कायदेशीर होऊन अडीच वर्षं झाली होती. कायद्याचं, औषधाचं जाणकारांनी पुढे लिहावं.

---

सिस्टर_कसबाबावडा

चांगला विषय घेतलात दादा. गांजाचा त्या पोरांना उपयोग काय होता, तेवढं नीट मांडते, कारण ते कळल्याशिवाय मेरीचं महत्त्व कळत नाही.

एड्समध्ये 'वेस्टिंग' म्हणून एक अवस्था असते. मूळ वजनाच्या १० टक्क्यांहून जास्त घट, सोबत महिनाभराच्या वर जुलाब किंवा ताप. ६० किलोचा माणूस ५४ च्या खाली आला की धोक्याची घंटा. या रुग्णाचं नुसतं मांस झडत नाही, अन्नाची वासनाच मरते. तोंडात बुरशी, घशाला फोड, त्यात एझेडटी या एचआयव्हीवरच्या औषधाची मळमळ. ताट समोर आलं की उमासा येतो. भूक लागत नाही म्हणून खात नाही, खात नाही म्हणून ताकद नाही, ताकद नाही म्हणून पुढचा संसर्ग झेपत नाही. प्रभावी मिश्र औषधोपचार आला १९९६ ला. आपल्याकडे सरकारी एआरटी (एचआयव्हीवरचा औषधोपचार) मोफत सुरू झाली ती १ एप्रिल २००४ पासून. त्याच्या आधीच्या काळात दोन घास पोटात जाणं हाच उपचार होता.

मेरीच्या ब्राउनीने विषाणूला काही होत नव्हतं, असा दावाही तिने केला नाही. मळमळ थांबायची, तासा-दोन तासांनी माणूस जेवण मागायचा. वॉर्डातल्या परिचारिकांना, डॉक्टरांना हे रोज दिसत होतं. तिच्या शब्दाला वजन आलं ते यामुळे. भाषण ठोकणारी बाई आणि बेडपॅन उचलणारी बाई यांत लोक फरक करतात.

---

उजळाईवाडी_एक्सप्रेस

लई भारी बाई. पण एक शंका हाय. हेच कुणी आपल्या कोल्हापुरात केलं असतं तर? म्हंजे पैसं न घेता, आजारी माणसाला. कोर्ट सोडतंय का?

---

वकील_शाहूपुरी

सोडत नाही. सविस्तर लिहितो, कारण या बाबतीत गैरसमज फार आहेत.

आपला कायदा म्हणजे एनडीपीएस, १९८५, म्हणजे अमली पदार्थांचा केंद्रीय कायदा. त्यात 'गांजा' म्हणजे झाडाचे फुलोऱ्याचे किंवा फळधारणेचे शेंडे. शेंड्यांशिवाय नुसती पानं आणि बिया त्या व्याख्येत येत नाहीत. ही व्याख्या १९६१ च्या संयुक्त राष्ट्रांच्या करारातून आली आहे. म्हणून भांग एनडीपीएसच्या बाहेर राहिली. पण 'भांग म्हणजे मोकळं रान' असं महाराष्ट्रात तरी समजू नका. इथे १९४९ चा दारूबंदी कायदा आहे आणि परवान्याशिवाय भांग करणं, बाळगणं, घेणं हा त्याच्या कलम ६६ खाली गुन्हा आहे. महाशिवरात्रीची थंडाई म्हणून सूट मिळत नाही.

आता मेरीचा १९८१ चा मुद्देमाल आपल्या तराजूत टाकू. गांजासाठी १ किलोपर्यंत अल्प प्रमाण, २० किलोच्या वर व्यावसायिक प्रमाण. चरस असेल तर हेच आकडे १०० ग्रॅम आणि १ किलो. तिच्याकडचा ८ किलो सुटा गांजा मधल्या गटात पडतो. कलम २० खाली १० वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि १ लाखापर्यंत दंड. पण खरी अडचण ब्राउनीची आहे. ५४ डझन म्हणजे ६४८ नग. एक नग ५० ग्रॅमचा धरला तर ३२ किलो ४०० ग्रॅम. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२० मध्ये हीरा सिंग खटल्यात सांगितलं की मिश्रणातला निरुपद्रवी पदार्थसुद्धा वजनात धरायचा. म्हणजे मैदा, साखर, लोणी, कोको सगळं तराजूत. मेरी थेट व्यावसायिक प्रमाणात गेली. किमान १० वर्षं, कमाल २०, दंड १ ते २ लाख. त्यातून न्यायाधीशाला सूट देता येत नाही, कारण किमान शिक्षा कायद्यानेच ठरवली आहे. तिकडे तिला मिळाली प्रोबेशन.

पैसे घेतले की नाही, समोरचा आजारी होता की नाही, याने गुन्हा ठरण्यात काही फरक पडत नाही. जामिनाचंही तसंच. व्यावसायिक प्रमाण असलं की कलम ३७ आडवं येतं. आरोपी दोषी नसल्याचं मानायला वाजवी कारण आहे आणि तो बाहेर आल्यावर पुन्हा गुन्हा करणार नाही, या दोन्ही गोष्टींचं समाधान झाल्याशिवाय कोर्ट जामीन देत नाही. बावड्याच्या सत्र न्यायालयात नाकारला तर पुढचा अर्ज उच्च न्यायालयात. ऑगस्ट २०२५ पासून सर्किट बेंच कोल्हापुरातच बसतं, एवढी मुंबईची फेरी वाचली.

बचाव कशावर चालतात? उसाच्या फडात गांजाची झाडं सापडल्याच्या बातम्या आपल्या भागात येतात, त्यात हे नेहमी दिसतं. पोलीस ओली झाडं मुळासकट उपटून, माती झटकून, देठ-पानांसकट तोलतात. व्याख्या मात्र शेंड्यांची. शेंडे वेगळे करून तोलले नसतील तर वजनालाच आव्हान देता येतं आणि अनेक उच्च न्यायालयांनी या मुद्द्यावर जामीन दिले आहेत. दुसरा मुद्दा कलम ५२अ: मालाची यादी आणि नमुने दंडाधिकाऱ्यासमोर. तिसरा कलम ५०: अंगझडतीआधी राजपत्रित अधिकारी किंवा दंडाधिकाऱ्यासमोर झडतीचा हक्क सांगणं. ब्राउनीच्या बाबतीत पहिला मुद्दा जवळपास निकालात निघतो. पान आणि शेंडा लोण्यात उकळून गाळल्यावर वेगळा कसा करणार?

---

औषधवाला_राजारामपुरी

वकीलसाहेबांनी कायदा सांगितला, मी पदार्थाकडे वळतो. मेरीबद्दल मला मनापासून आदर आहे, पण 'घरगुती ब्राउनी म्हणजे सुरक्षित' हा निष्कर्ष कुणी काढू नये.

ओढलेला गांजा काही मिनिटांत चढतो, माणसाला पुरे झालं हे कळतं आणि तो थांबतो. खाल्लेल्याचं तसं नाही. टीएचसी (गांजातलं नशा आणणारं द्रव्य) पोटातून यकृतात जातं, तिथे त्याचं ११-हायड्रॉक्सी-टीएचसी होतं आणि तेही मेंदूवर जोरदार काम करतं. परिणाम सुरू व्हायला ३० ते ९० मिनिटं, शिखर २ ते ४ तासांनी, उतरायला ६ ते ८ तास, कधी जास्त. पाऊण तासात काही वाटलं नाही म्हणून माणूस दुसरा तुकडा खातो आणि दोन्ही एकदम अंगावर येतात. छाती धडधडते, भीती बसते, म्हातारा माणूस उठताना भोवळ येऊन पडतो. मांडीचं हाड मोडलं तर एका तुकड्याची किंमत काय झाली बघा.

दुसरं, मात्रा. टीएचसी पाण्यात विरघळत नाही, स्निग्ध पदार्थात विरघळतं. लोणी पिठात सारखं मिसळलं नाही तर एकाच ताटातल्या दोन तुकड्यांत दुपटीचा फरक पडतो. म्हणूनच आज कॅलिफोर्नियात नियम आहे: एका वाढीत १० मिलिग्रॅमच्या वर टीएचसी नाही, अख्ख्या पाकिटात १०० च्या वर नाही, आणि पाकीट मुलांना सहज उघडता येऊ नये. चॉकलेटचा पदार्थ घरात पडलेला असला की पोराचा हात आधी तिथेच जातो. रक्त पातळ करायची वॉरफरिन चालू असेल तर आयएनआर (रक्त गोठायला लागणाऱ्या वेळेचं माप) वाढून रक्तस्राव होऊ शकतो, हेही लक्षात ठेवा.

'मग गोळी का दिली नाही?' असा प्रश्न येईल. होती. ड्रोनॅबिनॉल म्हणजे तिळाच्या तेलात कृत्रिम टीएचसी भरलेली मऊ कॅप्सूल. अमेरिकेत १९८५ ला किमोच्या उलट्यांसाठी मान्य झाली, १९९२ ला एड्समधल्या भूकमोडीसाठी. भुकेची सुरुवातीची मात्रा २.५ मिलिग्रॅम, दुपारच्या आणि रात्रीच्या जेवणाआधी. अडचण सरळ आहे: ज्याला घोटभर पाणी पोटात ठरत नाही त्याच्या पोटात कॅप्सूल ठरत नाही. शिवाय महाग. आज किमोच्या उलट्यांना ऑन्डान्सेट्रॉन, अ‍ॅप्रेपिटंट, ओलान्झापिन आहेत आणि ती बहुतेकांना पुरतात. १९८४ च्या पोरांच्या हातात हे काही नव्हतं.

---

टेंबलाई_नाका

सगळे मेरीची आरती ओवाळताय म्हणून लिहितो. १९८१ आधी ती धंदा करत होती. ब्राउनी विकून पैसे कमावत होती. हे झाकून तिला संत करू नका.

---

पंचगंगा_घाट (धागाकर्ता)

झाकलेलं नाही, वर लिहिलंय. विकत होती, पकडली गेली, कबूलही केलं. मला तर त्यामुळेच ती जास्त खरी वाटते. ज्या हाताने विकलं त्याच हाताने पुढे पंधरा वर्षं फुकट वाटलं. तिने ब्राउनीची कृती मात्र कधी कुणाला दिली नाही. पेरॉनबरोबर पाककृतींचं पुस्तक काढलं, त्यातही ब्राउनी नाही.

एक महत्त्वाचं राहिलं, ते सांगतो. तिच्या १९९२ च्या अटकेची बातमी त्याच वॉर्डाच्या डॉ. डोनाल्ड एब्रम्स यांनी अ‍ॅमस्टरडॅमला एड्स परिषदेत असताना टीव्हीवर पाहिली. त्यानंतर ते गांजावर रीतसर संशोधन करायच्या मागे लागले. संशोधनाचा गांजा एकाच सरकारी संस्थेकडून मिळायचा आणि त्या संस्थेने नकार दिला. एब्रम्सनी अभ्यासाची मांडणी बदलली. प्रश्न 'फायदा होतो का' ऐवजी 'एचआयव्हीच्या औषधांसोबत धोका आहे का' असा केला, तेव्हा १९९७ ला परवानगी आली. २१ दिवसांच्या त्या अभ्यासाचा निकाल २००३ ला छापला: विषाणूंचं प्रमाण वाढलं नाही, वजन मात्र वाढलं. २००७ च्या दुसऱ्या अभ्यासात एचआयव्हीमुळे होणाऱ्या नसांच्या वेदना गांजा ओढणाऱ्या गटात ३४ टक्के कमी झाल्या, खोट्या सिगारेटच्या गटात १७ टक्के. पन्नासच रुग्ण होते, फार मोठा अभ्यास नव्हे, पण पुरावा म्हणून उभा राहिला.

---

मतपेटी_मंगळवारपेठ

मेरीने वातावरण तापवलं हे खरं, पण कायदा बदलला सह्यांनी. ते काम कसं झालं हे आपल्या आंदोलकांनी बघण्यासारखं आहे.

पहिली पायरी शहराची. नोव्हेंबर १९९१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत 'प्रस्ताव पी' मतदानाला आला. त्याने कायदा बदलत नव्हता, रुग्णांना गांजा मिळू द्या अशी नुसती राज्याला शिफारस होती. सुमारे ७९ टक्के मतं मिळाली. मग शहराने पोलिसांना सांगितलं की रुग्णांच्या गांजाची प्रकरणं सगळ्यात शेवटी घ्या. पुढे पेरॉनने मार्केट स्ट्रीटवर रुग्णांचा क्लब उघडला. आत यायला डॉक्टरांची चिठ्ठी लागायची. दुसरी पायरी विधिमंडळ. १९९४ आणि १९९५ ला विधेयकं मंजूर झाली, दोन्ही वेळा गव्हर्नर पीट विल्सन यांनी नकाराधिकार वापरला. मग तिसरी: थेट जनतेकडे.

कॅलिफोर्नियात नागरिकांना स्वतः कायद्याचा मसुदा मतदानाला ठेवता येतो. १९९६ च्या मतदानासाठी ४,३३,२६९ वैध सह्या लागत होत्या, मुदत १५० दिवस. सही करणारा नोंदणीकृत मतदारच हवा. प्रत्येक काउंटी किमान ५०० किंवा ३ टक्के, यातल्या मोठ्या संख्येएवढ्या सह्या यादृच्छिक निवडून तपासते. त्या हिशेबाने वैध सह्या गरजेच्या ११० टक्क्यांवर गेल्या तर सरळ पात्र, ९५ च्या खाली गेल्या तर बाद, मध्ये अडकल्या तर एकेक सही तपासायची. म्हणून भरपूर जादा गोळा कराव्याच लागतात. इथेच मोहीम अडखळली होती. नुसत्या स्वयंसेवकांच्या जोरावर आकडा गाठेना. शेवटी जॉर्ज सोरोससारख्या धनिकांचा पैसा आला, पगारी सह्या गोळा करणारे लावले, सात लाखांच्या वर सह्या झाल्या. मतदानाला तीन महिने असताना, ४ ऑगस्ट १९९६ ला राज्याच्या अ‍ॅटर्नी जनरलच्या माणसांनी क्लबवर छापा घातला. ५ नोव्हेंबर १९९६ ला रुग्णांसाठी गांजा कायदेशीर करणारा हा मसुदा, 'प्रस्ताव २१५', ५५.६ टक्क्यांनी मंजूर.

मसुद्यातली खुबी बघा. 'प्रिस्क्रिप्शन' शब्द टाळला, कारण केंद्राच्या कायद्याने गांजा लिहून देणं गुन्हा. त्याऐवजी डॉक्टरांची 'शिफारस', तोंडी किंवा लेखी. केंद्राने डॉक्टरांचे परवाने काढून घ्यायची धमकी दिलीच. कोर्टाने २००२ ला कोनंट खटल्यात ठरवलं की शिफारस करणं हे भाषणस्वातंत्र्य आहे. आणि त्रुटी: किती बाळगायचा, कुणी विकायचा, यावर मसुदा गप्प. त्यामुळे पुढे वर्षानुवर्षं दुकानांवर छापे आणि खटले चालू राहिले, २००३ ला राज्याला ओळखपत्र आणि मर्यादांचा वेगळा कायदा करावा लागला.

---

उजळाईवाडी_एक्सप्रेस

सह्यांचं काम आपल्याला जमंल की. टोलचं आठवतंय न्हवं? अख्खं कोल्हापूर रस्त्यावर आलं, टोल गेला.

---

वकील_शाहूपुरी

भावा, टोलचा निर्णय राज्य सरकारच्या हातात होता. इथे एनडीपीएस हा संसदेचा कायदा आहे आणि आपल्या घटनेत नागरिकांनी सह्या करून कायदा मतदानाला ठेवायची सोयच नाही. पण दार पूर्ण बंद नाही. कलम ८ मध्ये वैद्यकीय आणि वैज्ञानिक कारणाला परवान्याखाली जागा आहे. कलम १० ने गांजाच्या लागवडीचे नियम करायचा अधिकार राज्याला दिलाय. कलम १४ खाली धागा आणि बियांसाठी औद्योगिक लागवड होते. उत्तराखंडने २०१८ मध्ये तसे परवाने द्यायला सुरुवात केली, टीएचसी ०.३ टक्क्यांच्या आत हवं. डिसेंबर २०२० मध्ये संयुक्त राष्ट्रांत गांजा सर्वांत कडक यादीतून काढायचा ठराव २७ विरुद्ध २५ मतांनी झाला, त्यात भारताचं मत बाजूने होतं. म्हणजे मागणी राज्याकडे नियमांची करायची, आणि ती रुग्णापुरती नेमकी हवी. 'गांजा खुला करा' म्हणून मोर्चा काढलात तर पहिल्या दिवशी हरलात.

---

सिस्टर_कसबाबावडा

वकीलसाहेबांच्या म्हणण्याला जोड देते. याच एनडीपीएसमध्ये रुग्णांसाठी बदल झालेला आहे, तो मॉर्फिन या तीव्र वेदनेवरच्या औषधाचा. १९८५ नंतर दवाखान्याला मॉर्फिन ठेवायचं तर चार-पाच परवाने लागायचे, एकाची मुदत संपेपर्यंत दुसरा यायचा नाही. कॅन्सरचा माणूस विव्हळत जायचा. केरळच्या डॉ. एम. आर. राजगोपाल आणि त्यांच्या पॅलियम इंडियाने वर्षानुवर्षं पाठपुरावा केला. २०१४ ला संसदेने दुरुस्ती केली. मॉर्फिनसह सहा औषधं 'अत्यावश्यक' यादीत आली, देशभर एकच नियम, आणि राज्याच्या औषध नियंत्रकाने मान्यता दिली की दवाखाना ती ठेवू शकतो. त्यासाठी प्रशिक्षित डॉक्टर आणि काटेकोर नोंदी लागतात.

इथे कुणाच्या घरी असा रुग्ण असेल तर ब्राउनी शोधत फिरू नका. कॅन्सरच्या डॉक्टरांना सरळ विचारा, 'तुमचं रुग्णालय मान्यताप्राप्त वैद्यकीय संस्था आहे का, तोंडी मॉर्फिन मिळतं का?' नसेल तर जवळची कुठली आहे ते लिहून घ्या. बायॉप्सीचा रिपोर्ट, चालू औषधांची यादी, रुग्णाचं आणि औषध न्यायला येणाऱ्याचं ओळखपत्र सोबत ठेवा. दुखण्याची वही करा: दर चार तासांनी शून्य ते दहा आकडा, उलटी झाली का, शौचाला झालं का. मॉर्फिन सुरू केलं की पहिल्या दिवसापासून पोट साफ व्हायचं औषधही लागतं, नाहीतर पोट बांधलं जातं आणि घरचे वैतागून मॉर्फिनच बंद करतात. भुकेसाठी आणि मळमळीसाठी वेगळी औषधं आहेत, तीही त्याच भेटीत मागून घ्या.